परक्या सुरांचे बिऱ्हाड

कला ज्या मातीत जन्मते त्याच मातीत ती जगते, असे आपण समजतो. मला मात्र ते पटत नाही.

जॅझचे मूळ गाव अमेरिकेतील न्यू ऑर्लिन्स. तेथे कृष्णवर्णीयांचे बँड मिरवणुकीत वाजत, तसेच अंत्ययात्रेतही. हीच जुनी शैली हॉलंडमध्ये 'डच स्विंग कॉलेज बँड'ने कित्येक दशके जतन केली. त्याची स्थापना ५ मे १९४५ ची. जर्मन जोखडातून देश सुटला तो हा दिवस. नाझींना जॅझचा तिटकारा होता. त्या तरुणांना हे परके सूर स्वातंत्र्याचेच वाटले असतील!

पण इतके दूर तरी कशाला जा? गोव्यातील हळदोण्याचे अँटोनियो झेवियर वाझ, म्हणजेच चिक चॉकलेट, मुंबईत लुई आर्मस्ट्राँगच्या ढंगाने ट्रम्पेट वाजवीत. त्यांची साथ सी. रामचंद्रांना लाभली आणि १९५१ च्या 'अलबेला'तून ते रांगडे सूर मराठी घराघरांत शिरले.

आमच्या चिंचवडला वरातीपुढे बँडवाला ट्रम्पेट फुंकतो, तेव्हा मला हा सारा प्रवास ऐकू येतो. हल्ली डीजेच्या भिंतीपुढे त्याचा आवाज क्षीण होतो. या कारखान्यांच्या गावात माणसे दूरदूरहून आली आणि इथलीच झाली. सूरही तसेच आले. डचांनी परक्या सुरांना घर दिले. आपण आपल्या दारातल्या ट्रम्पेटला ते देणार की नाही?