न उघडलेल्या फाइली

फाईल या शब्दाशी आम्हां नोकरदारांचे नाते फार जुने आहे. लाल फितीत बांधलेली, टेबलावरून टेबलावर जाणारी आणि मनात आल्यास वर्षानुवर्षे एकाच कपाटात विसावणारी ती वस्तू. ती उघडावी, वाचावी, तिच्यावर शेरा मारावा आणि पुढे ढकलावी, इतकाच तिचा संसार. परंतु बदली होऊन रायपुरात आल्यावर, येथील मराठी मंडळींच्या गणेशोत्सवात वावरता वावरता, एका निराळ्याच जातीच्या फाइलींशी आमची ओळख झाली. त्या कोणी उघडीत नाही, वाचीत नाही. आणि त्यांच्यावाचून पान मात्र हलत नाही.

उत्सवातील कार्यक्रम दूरच्या आप्तांना घरबसल्या दिसावेत म्हणून सभागृहात तीन कॅमेरे लावतात. तिघांचीही चित्रे एका संगणकात येतात आणि कोणते चित्र केव्हा पुढे पाठवावयाचे, हे तेथे बसलेला तरुण ठरवितो. त्याच्या हाताशी ओबीएस नावाचे सॉफ्टवेअर असते. २०१२ साली निघालेले आणि कोणासही विनामूल्य मिळणारे. पडद्यावरील बटणे पाहून वाटते, सारे कौशल्य तेथेच आहे. प्रत्यक्षात चित्रांचे थर एकावर एक रचणे, एका चित्रातून दुसरे अलगद उमलविणे, आवाजाची सांगड घालणे, ही कामे पाठीमागची लिबओबीएस नावाची लायब्ररी करते. लायब्ररी म्हणजे येथे ग्रंथालय नव्हे. कोणीतरी एकदा करून ठेवलेली आणि पुढे अनेकांनी वापरावयाची तयार कामांची पोतडी. चित्राची गाठोडी आवळणारी लायब्ररी आणखी निराळी. ती एफएफएमपेग या घराण्यातली. फाब्रिस बेलार या फ्रेंच गृहस्थांनी ते २००० साली सुरू केले. स्वच्छ, मोठ्या चित्राचा एक सेकंद जसाच्या तसा पाठवावयाचा तर सुमारे १५५ मेगाबाइट लागतात. ही लायब्ररी तो अर्ध्या मेगाबाइटात बसविते, आणि पाहणाराला पत्ताही लागत नाही. मुलाच्या बदलीच्या सामानाची बांधाबांध करणाऱ्या आमच्या घरच्या मंडळींनाच या कामाचे खरे मोल कळावे!

कॅमेऱ्याची मान वळविणारी व्यवस्था आम्हांला सर्वांत मौजेची वाटली. सोनी कंपनीने घालून दिलेली व्हिस्का नावाची एक आज्ञाभाषा आहे. ‘८१ ०१ ०४ ०७ ०२ एफएफ’ एवढे अंक गेले की कॅमेरा दूरची वस्तू जवळ आणू लागतो. पहिल्या जोडीतील एक हा कॅमेऱ्याचा क्रमांक. एका तारेवर असे सात कॅमेरे ओळीने बसतात. शेवटचे एफएफ म्हणजे आज्ञा संपली. आमच्या कचेरीतील टिपणे इतकी सुटसुटीत असती, तर आम्ही रोज दिवेलागणीपूर्वी घरी पोहोचलो असतो.

रायपूरच्या मुलखाला चित्रवाणी नवी नाही. १ ऑगस्ट १९७५ पासून एक वर्ष चाललेल्या ‘साइट’ प्रयोगात अमेरिकेच्या एटीएस-६ उपग्रहावरून सहा राज्यांतील सुमारे २,४०० खेड्यांत चित्रे उतरत असत. त्या वेळच्या मध्य प्रदेशातून निवडलेली खेडी याच भागातली. खुराड्याला लावतात तसल्या जाळीची दहा फुटी छत्री, खाली एक संच, आणि समोर जमलेला गाव. शेतीच्या, आरोग्याच्या चार उपयुक्त गोष्टी त्या संचाने सांगितल्या, हे खरेच. परंतु चित्र अहमदाबाद-दिल्लीकडून वर जाई आणि येथे खाली येई. छत्तीसगडच्या वाट्याला पाहणे आले होते. आज येथल्या एखाद्या सभागृहातून चित्र बाहेर जाते, त्याला उपग्रह लागत नाही की स्टुडिओ लागत नाही. त्या बिनचेहऱ्याच्या फाइली मात्र लागतात.

२०२२ च्या उत्सवात याचा प्रत्यय आला. त्याच सुमारास, ऑगस्टच्या अखेरीस, ओबीएसची २८ वी आवृत्ती प्रसिद्ध झाली. तिचा पडदा उभारणारी क्यूट नावाची लायब्ररी पाचव्या पिढीतून सहाव्या पिढीत गेली होती. जोडीच्या पूरक फाइली नव्याने बांधून घ्या, अशी सूचना अगोदरच निघालेली होती. आमच्या एका उत्साही कार्यकर्त्याने ती न वाचताच नवी आवृत्ती चढविली. कॅमेरे वळविणारी पूरक फाईल जुन्या बांधणीची. ती जागची हलेना. नाटकाची तिसरी घंटा झालेली. एक कॅमेरा मखराच्या झालरीकडे टक लावून, दुसरा पंख्याकडे. उरला मधला, संपूर्ण रंगमंच लांबून दाखविणारा.

आम्हां सर्वांच्या मनात काकू होत्या. तीस वर्षे येथल्या स्त्रियांची नाटके बसविणाऱ्या काकू त्या वेळी पुण्यास मुलीकडे अंथरुणाला खिळलेल्या होत्या. त्या दिवशीचे नाटक त्यांच्याच तालमीत तयार झालेल्या बायकांचे होते आणि ते त्यांना दिसावे, यासाठीच तर हा सारा खटाटोप. दोन अंक एकच चित्र गेले, माणसे अंगठ्याएवढी. पडदा पडल्यावर यंत्रावर बसलेल्या त्या मुलाचे डोळे भरून आले होते.

दुसऱ्या दिवशी काकूंचा फोन आला. आवाज क्षीण, पण तक्रार खणखणीत. “डावीकडची मोलकरीण दुसऱ्या अंकात हात बांधून उभी का होती? तिला काम का दिले नाही? आणि विंगेतला प्रॉम्प्टर अर्धा बाहेर आला होता, ते मला येथून दिसले.” जवळून घेतलेल्या चेहऱ्यांच्या चित्रांत ती मोलकरीण कोणाला दिसली असती? जो बोलतो त्याचा चेहरा दाखविण्याचा मिक्सिंगचा शिरस्ता. न बोलणाऱ्याची नोंद त्यात होत नाही. काकूंची नजर आयुष्यभर नेमकी न बोलणाऱ्यांवर राहिली होती.

आता चतुर्थीच्या आधी पंधरा दिवस कोणतीही नवी आवृत्ती चढवावयाची नाही, असा ठराव झाला आहे, आणि चालत्या फाइलींची एक प्रत पेन ड्राइव्हवर घालून आरतीच्या पुस्तकांच्या कपाटात ठेवतात. पुढच्या वर्षी काकूंनी आणखी एक मागणी केली आणि ती मान्य झाली: मधला कॅमेरा कोणी हलवावयाचा नाही, आणि त्याचे चित्र, बाकीच्यांसाठी काहीही जात असो, पुण्यास वेगळे पाठवावयाचे.