परग्रहावरचं झाड शोधत बालाघाटात (भाग दुसरा)

गेल्या अंकात भाची पुण्याहून बीडच्या बसस्थानकावर उतरली आणि अंबाजोगाईहून तिला घ्यायला आलेल्या मामांच्या गाडीत बसली, तिथे दैनंदिनी थांबली होती. ती चित्रकार, ते वनस्पतिशास्त्राचे निवृत्त प्राध्यापक. एका बालमासिकासाठी तिला दुसऱ्या ग्रहावरचं झाड काढायचं आहे. तिथला सूर्य मंद आणि लाल, पाणी बेताचं. वहीत जांभळ्या पानांची आणि सापासारख्या मुळांची पाच-सहा चित्रं तिने आधीच काढून ठेवली होती. मामांनी ती नीट पाहिली आणि म्हणाले, "छान आहेत. पण ही झाडं जगतात कशी ते चित्रातून कळत नाही. चार दिवस माझ्याबरोबर हिंड."

दिवस तिसरा : बीड, पालवण

सकाळी कंकालेश्वराचं दर्शन झालं. पाण्यात उभं असलेलं ते मंदिर पाहून दोघं पालवणच्या डोंगराकडे निघाले. अभिनेते सयाजी शिंदे यांच्या पुढाकाराने उभी राहिलेली सह्याद्री देवराई इथेच आहे. फेब्रुवारी २०२० मध्ये इथे वृक्षसंमेलन भरलं, तेव्हा अध्यक्षपदाचा मान वडाच्या झाडाला दिला होता. वर्षाला जेमतेम ६५०-७०० मिलिमीटर पाऊस आणि राज्यातल्या सर्वांत कमी वनक्षेत्राच्या जिल्ह्यांत गणना, अशा बीडमध्ये माणसं झाडाला अध्यक्ष करतात ही गोष्ट भाचीला फार आवडली.

वाटेतल्या एका जुन्या वडाखाली मामांनी गाडी थांबवली आणि खाली पडलेलं एक फळ उचलून नखाने दोन भाग केले. "वडाला फूल कधी पाहिलंस?" भाचीने मान हलवली. मामांनी भिंग पुढे केलं. फळाच्या आतल्या भिंतीवर शेकडो बारीक फुलं दाटीवाटीने आत तोंड करून बसलेली होती. वड फुलतो, पण आतल्या आत. बाहेर जायला देठाच्या समोर एकच भोक असतं आणि तेही खवल्यांनी झाकलेलं.

त्या भोकातून आत शिरणारी माशी तिळाहून लहान असते. शास्त्रात तिला युप्रिस्टिना मसोनी म्हणतात. वडाच्या फुलांचं परागीभवन तीच करते आणि तिची अंडीही वडाच्याच फळात वाढतात. आत घुसताना तिचे पंख तुटतात, त्यामुळे ती पुन्हा बाहेर येत नाही. काही फुलांत अंडी घालून, काहींवर पराग टाकून ती तिथेच मरते. पुढच्या पिढीतले नर आधी जन्मतात. त्यांना पंखच नसतात. माद्यांशी संग करायचा, त्यांच्यासाठी फळाला भुयार पाडायचं आणि मरायचं, एवढंच त्यांचं आयुष्य. माद्या परागाचं ओझं घेऊन त्या भुयारातून उडतात आणि एक-दोन दिवसांत दुसरा वड शोधतात.

भाची बराच वेळ भिंगाला डोळा लावून बसली होती. एक काळा ठिपका चालत फळाच्या कडेपर्यंत आला, थबकला आणि उडाला. तिने वहीतल्या पहिल्या चित्रावर, जिथे मोठं निळं फूल काढलं होतं, तिथे काट मारली.

दिवस चौथा : नायगाव, सौताडा

मांजरसुंब्याहून पाटोद्याकडे. नायगावचं मयूर अभयारण्य १९९४ सालचं, सुमारे ३० चौरस किलोमीटरचं. मोरांचा आवाज ऐकू आला, मोर काही दिसले नाहीत. रस्त्याकडेच्या गावांत बऱ्याच घरांना कुलपं होती. माणसं ऊसतोडीला गेलेली, ती उन्हाळ्याच्या तोंडावर परततील.

डोंगरउतारावर मात्र पळस पेटला होता. एक पान नाही आणि फांदीफांदीवर पोपटाच्या चोचीसारखी केशरी फुलं. पाणी तुटायला लागलं की पळस पानं टाकतो. मग उरतात ती फुलं, आणि ती कोसावरून दिसतात. शिंजीर, मैना, कावळे, खारी, सगळे मधासाठी येतात आणि कपाळाला पराग लावून जातात. "पळसाला पाने तीनच" ही म्हण सगळ्यांच्या तोंडी असते. मामांनी त्यात एक भर घातली : शास्त्राच्या हिशेबाने ती तीन पानं मिळून एकच पान असतं, एका देठावरच्या त्या तीन पर्णिका. शेंगेची गंमत आणखी वेगळी. बी एकच, तेही शेंगेच्या टोकाला. बाकीची चपटी शेंग म्हणजे वाऱ्यावर जायला दिलेला पंख.

बांधावर पुढे चंदनाची तीन-चार झाडं होती. त्यांच्याकडे बोट दाखवून मामा म्हणाले, "हा जमिनीवर साधू आणि जमिनीखाली उसनवार करणारा." चंदनाची पानं हिरवी असतात आणि तो स्वतःचं अन्न स्वतः करतो. पण त्याची मुळं शेजारच्या झाडाच्या मुळाला बारीक बटणासारखी चिकटतात आणि तिथून पाणी आणि क्षार ओढतात. म्हणून रोपवाटिकेत चंदनाचं रोप एकटं वाढवत नाहीत, पिशवीत त्याच्या सोबतीला तूर पेरतात. तुरीच्या मुळांवर ते अंग धरतं. मोठं झाल्यावर बाभूळ, कडुलिंब, जो शेजारी मिळेल तो चालतो.

चंदन जे जमिनीखाली करतो, ते बांडगूळ उघड्यावर करतं. सौताड्याच्या दरीकडे उतरताना एका आंब्याच्या फांदीवर त्याचा जाड पानांचा गुच्छ दिसला. त्याच्या शेजारी अंगठ्याएवढा पक्षी, फुलटोच्या, फळं खात होता. बांडगुळाचं बी इतकं चिकट असतं की पक्ष्याला ते सहज सोडवत नाही. अंग फांदीला घासूनच ते टाकावं लागतं, आणि बी नेमकं जिथे रुजायला हवं तिथेच चिकटतं. भाचीने ते जवळून पाहिलं : फांदीच्या सालीवर एक फिकट मणी आणि त्यातून वाकून सालीकडे निघालेलं हिरवं बोट. माती नावाचा पदार्थ त्या रोपाला आयुष्यात कधी भेटणार नव्हता.

खाली रामेश्वराच्या मंदिराशी विंचरणेची धार बारीक झाली होती. दोघं पाय सोडून बसले. लाल सूर्याच्या ग्रहाचा विषय तिथे निघाला. नासाच्या गोडार्ड संस्थेत काम करणाऱ्या नॅन्सी किआंग यांनी २००७-०८ च्या सुमारास यावर लिहिलं आहे. लाल बटू ताऱ्यांचा दिसणारा उजेड फार अंधुक असतो, त्यामुळे तिथली झाडं मिळेल तो प्रकाश शोषून घेतील आणि आपल्या डोळ्यांना काळी दिसतील, असा त्यांचा तर्क. असे ग्रह केवळ कल्पनेतले नाहीत. सुमारे ४० प्रकाशवर्षांवरच्या ट्रॅपिस्ट-१ या तशाच मंद ताऱ्याभोवती सात ग्रह आहेत, हे २०१७ साली जाहीर झालं. तिथे काही उगवतं का, हे कुणालाच ठाऊक नाही. भाचीने जांभळा रंग पुसायचा ठरवला.

दिवस पाचवा : धारूर

आजचा दिवस निवडुंगाचा. धारूरच्या किल्ल्याकडे जाताना एका शेताच्या कुंपणाला दोन तऱ्हेचे निवडुंग शेजारी शेजारी होते : फड्या निवडुंग आणि काठ्यांसारखा उभा वाढणारा त्रिधारी. दोघेही काटेरी, दोघेही हिरव्या खोडाचे, दोघांनाही नावापुरतीही पानं दिसत नाहीत. भाचीने त्यांना भाऊभाऊ समजलं. मामांनी दोघांना चाकूची टोकं लावली. त्रिधारीतून दुधासारखा चीक ओघळला, फड्यातून नुसतं पाणचट काहीतरी. चीक डोळ्यात जाऊ नये म्हणून मामांनी लगेच चाकू पुसला.

फड्या अमेरिकेतून आलेला आहे. त्रिधारी एरंडाच्या कुळातला. या दोन कुळांचं नातं फार दूरचं, वाढली ती वेगवेगळ्या खंडांत. पण दोन्हीकडे रखरखाट सारखाच होता आणि त्यावर दोघांनी शोधलेली तोड जवळजवळ एकच निघाली : पानं सोडा, खोड फुगवा, खोडानेच अन्न करा, काटे लावा. दुसऱ्या ग्रहावरच्या झाडाबद्दल काही खात्रीने बोलायचं असेल तर ते या कुंपणापाशी उभं राहून बोलता येईल, असं मामांचं मत. कोरडा मुलूख असेल तर तिथेही कुठलं तरी झाड याच रूपात भेटेल.

कुंपणाच्या मालकीणबाई विळा घेऊन आल्या. "काय बघायलात बाई एवढं? काटाच हाय तो." भाचीने वही दाखवली. त्यांनी चित्र बघितलं आणि फड्याच्या एका कोवळ्या पात्यावर बोट ठेवलं. तिथे मोहरीएवढी, शिंगासारखी वाकलेली हिरवी टोकं होती. "ही पानं. चार दिसांत गळत्यात." प्राध्यापकांच्याही नजरेतून ती सुटली होती. फड्याची खरी पानं तीच.

संध्याकाळी अंबाजोगाईत मामांच्या अंगणात पानफुटीची कुंडी होती. मामांनी एक तुकडा दिला आणि सांगितलं, "जिभेला लाव आणि थुंकून टाक, गिळू नकोस." चव कडवट लागली.

दिवस सहावा : अंबाजोगाई

पहाटे पुन्हा तेच पान. या वेळी ते चिंचेसारखं आंबट होतं.

बेंजामिन हाइन हे वनस्पतितज्ज्ञ भारतात नोकरीला होते. पानफुटीचं पान सकाळी आंबट, दुपारी बेचव आणि संध्याकाळी कडवट लागतं, हे त्यांनी लंडनच्या लिनियन सोसायटीला कळवलं, ते १८१५ साली छापून आलं. कारण पुढे उलगडलं. उन्हात तोंड उघडलं तर पाणी उडून जातं, म्हणून ही झाडं आपली सूक्ष्म छिद्रं रात्री उघडतात, हवेतला कार्बन डायऑक्साइड आम्लाच्या रूपात साठवतात आणि दिवसा छिद्रं मिटून, त्या साठ्यावर उजेडात अन्न तयार करतात. फड्या निवडुंगही हेच करतो. पिंपळ रात्रभर प्राणवायू सोडतो असं अनेकांना वाटतं, ते मात्र खरं नाही. उजेड नसताना कुठलंच झाड प्राणवायू तयार करत नाही.

मुकुंदराजांच्या समाधीकडे जाणाऱ्या दरीच्या कडेने सीताफळ माजलं आहे. बीडच्या सीताफळाला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, आणि अंबाजोगाईच्या संशोधन केंद्रातून निघालेलं 'धारूर-६' हे वाण शेतकऱ्यांच्या ओळखीचं आहे. हे झाडही मूळचं अमेरिकेतलं, पण बालाघाटात ते इतकं रुळलं की शेळीही त्याच्या वाटेला जात नाही. पान कडू, बी विषारी. बियांची पूड उवांवर लावतात, डोळ्यात गेली तर मात्र डोळ्याला मोठी इजा होते.

मामांनी एक पिवळं पडलेलं पान देठासकट अलगद उपटलं. देठाचं फुगीर बूड टोपीसारखं निघून आलं आणि त्याखाली लव असलेला इवलासा कोंब उघडा पडला. बहुतेक झाडांचा कोंब पानाच्या बगलेत उघड्यावर असतो, सीताफळाचा देठाच्या पोटात झाकलेला. पान गळल्याशिवाय तो बाहेरच येत नाही. म्हणून बागायतदार बहार धरण्याआधी पाणी तोडून झाडाला ताण देतात. पानं झडली की कोंब मोकळे होतात.

फुलंही तशीच शिस्तीची. फूल उमलताना आधी मादी असतं, पराग नंतर सुटतो, त्यामुळे ते सहसा स्वतःचाच पराग घेत नाही. तीन जाड पाकळ्यांच्या आत बारीक भुंगेरे शिरतात आणि पराग वाहतात. भुंगेरे कमी असले तर शेतकरी कुंचला घेऊन हे काम हाताने करतात.

दुपारी भाचीचं चित्र पुरं झालं. काळी पानं, तीही फक्त पावसाळ्यापुरती. कोंब देठात लपलेले. फुलं आतल्या आत मिटलेली, छिद्रं रात्री उघडणारी, मुळं शेजाऱ्याला धरून असलेली. मामांनी चष्मा वर करून ते पाहिलं आणि एकच दुरुस्ती सुचवली : बुंध्याशी एक बारीक भुंगेरा हवा.

परतीच्या वाटेवर तीन बांध काळे पडलेले दिसले. गवत जाळताना आग पळसाच्या आणि हिवराच्या बुंध्यांना लागली होती आणि एका चंदनाची साल हातभर फाटली होती. मार्च लागला की गावोगाव बांध पेटवले जातात. वाचकांपैकी ज्यांची शेती आहे त्यांना विनंती आहे : या वर्षी गवत विळ्याने कापा आणि झाडाच्या बुंध्याभोवती चार हात जागा साफ ठेवा.

(पुढील अंकी : परळी)