आडतीवर गेलेले सोयाबीन

बार्शी तालुक्यातील एक आजी मध्यंतरी तपासणीसाठी आल्या होत्या. खुर्चीतून उठताना हाताचा आधार लागे. दंड, मांड्या पार सुकलेल्या. आहार म्हणजे दोन वेळची भाकरी, पातळ आमटी आणि चहा. मी सवयीने प्रथिनांच्या पावडरीचा डबा लिहून दिला. किंमत ऐकून आजी म्हणाल्या, "डाक्टर, सोयाबीन इकूनच तर तुमच्याकडं आलेय."

"घरी थोडे ठेवले का?"

"ते मानसानं खायाचं असतंय व्हय?"

त्या प्रश्नाने मीच ओशाळलो.

चीन-जपानमध्ये शतकानुशतके सोयाबीनचे टोफू आणि आंबवलेले पदार्थ रोजच्या जेवणात आहेत. आपल्याकडे १९३५ साली गांधीजींनी वर्ध्याच्या मगनवाडीत ते आहारात घेऊन पाहिले होते. पण शेतात ते रुजले फार पुढे. १९६०च्या दशकात पंतनगर व जबलपूर येथे अमेरिकी वाणांच्या चाचण्या झाल्या. मग मध्य प्रदेशात आणि नंतर आपल्याकडे हे पीक पसरले, ते तेलबी म्हणून. दाण्यात तेल जेमतेम पाचवा हिस्सा. प्रथिने उरतात पेंडीत, आणि पेंड जाते मुख्यतः कोंबड्यांच्या खाद्यात. पीक शेतातून थेट आडतीवर गेले. स्वयंपाकघराची वाट त्याला कोणी दाखवलीच नाही.

शंभर ग्रॅम तूरडाळीत सुमारे २२ ग्रॅम प्रथिने असतात, सोयाबीनमध्ये ३६ ते ४०. उतारवयात स्नायू झिजतात, तोल जातो, पडण्याचे भय वाढते. म्हणून हा फरक मोलाचा. मात्र कच्चे दाणे दळू नयेत. त्यांतील काही घटक प्रथिनांचे पचन अडवतात. दाणे रात्रभर भिजवून, अर्धा तास उकळून, कडक उन्हात वाळवावेत आणि नऊ भाग ज्वारीत एक भाग मिसळून दळावेत. थायरॉईडची गोळी घेणाऱ्यांनी गोळी आणि सोयाबीन यांत चार तासांचे अंतर राखावे. मूत्रपिंडाचा विकार असल्यास आधी आपल्या डॉक्टरांना विचारावे.

मी तो डबा खोडून हीच कृती लिहून दिली. परवा आजींचा नातू आला होता. आजी अजून हाताचा आधार घेऊनच उठतात. पण यंदा माल आडतीवर नेण्याआधी त्यांनी दोन पायल्या सोयाबीन घरात काढून ठेवायला लावले.