प्रतीची प्रत

एके काळी चित्रपट नाहीसा करणे फार अवघड नव्हते. दिग्दर्शक अमृत नाहटांच्या ‘किस्सा कुर्सी का’च्या निगेटिव्ह आणि प्रती सरकारने ताब्यात घेतल्या आणि आणीबाणीत त्या गुरगावला मारुतीच्या आवारात जाळल्या गेल्या. आणीबाणी उठल्यावर नाहटांना तो चित्रपट नव्याने चित्रित करावा लागला. माहितीपटकार आनंद पटवर्धनांचा बिहार आंदोलनावरचा ‘क्रांति की तरंगें’ वाचला, तो त्याच्या प्रतीचे तुकडे करून ते गुपचूप परदेशी पाठवले म्हणून. फिल्मची रिळे जड, महाग आणि मोजकीच असत.

व्हीएचएस कॅसेटने हे सगळे बदलले. दोन व्हीसीआर आणि जोडणारी वायर असली की घरातल्या घरात प्रत निघू लागली. जप्ती आणायची तर किती घरांवर आणणार?

साताऱ्यात मी जुन्या कॅसेटवरचे चित्रण संगणकावर उतरवून घेण्याचे काम करतो. लग्ने-बारशी भरपूर येतात. पण सातारा-सांगलीच्या जुन्या कार्यकर्त्यांच्या घरून गठ्ठा आला, की त्यात पटवर्धनांचा ‘हमारा शहर’ नाहीतर ‘राम के नाम’ निघतोच. १९९२ च्या ‘राम के नाम’ला सेन्सॉरचे प्रमाणपत्र होते, राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला होता. तरी दूरदर्शनने तो दाखवला नाही आणि दिग्दर्शकाला न्यायालयात जावे लागले. ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’चा वाद तर सर्वोच्च न्यायालयात गेला, तिथे २००६ साली निकाल दूरदर्शनच्या विरोधात लागला. मधल्या काळात हे चित्रपट फिरले ते अशा कॅसेटांवरून.

प्रतीवरून प्रत काढली की दर वेळी रंग फुटतात, आवाजात खरखर वाढते. मला ती खरखर मोलाची वाटते. मूळ ‘राम के नाम’ सुरक्षित आहे, आज कुणालाही इंटरनेटवर पाहता येतो. मग विट्याच्या एखाद्या घरातली मळकी प्रत कशाला जपायची? तो चित्रपट विट्यापर्यंत पोचला होता, हे सांगणारी दुसरी वस्तू नाही म्हणून. लेबलवर बॉलपेनने लिहिलेली नावे असतात, कॅसेट कुणाकडून कुणाकडे गेली ते कळते. तीन तासांच्या टेपवर चित्रपट संपला तरी बरीच जागा उरते. तिथे कधी गावातली सभा, कधी चित्रपटानंतर रंगलेली चर्चा सापडते. तिची दुसरी प्रत कुठेच नसते.

आता या कॅसेटांचा शत्रू सेन्सॉर नाही, हवा आहे. पाटण-महाबळेश्वरकडच्या टेपांना पावसाळी ओलीने पांढरी बुरशी धरते. जत-आटपाडीकडच्या धुळीने खरवडतात. २०१९ च्या महापुरात सांगलीत घरेच्या घरे पाण्यात गेली, त्यांतली कपाटेही गेली. त्यात व्हीसीआर बनवणे २०१६ सालीच थांबले. माझी यंत्रे मी जुन्या यंत्रांचे भाग काढून चालवतो. अशी दुरुस्ती फार काळ पुरणार नाही.

आज इंटरनेट आहे, मग काळजी कशाची, असे तरुण विचारतात. आमच्या साताऱ्याच्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या खुनाचा मागोवा घेणारा पटवर्धनांचा ‘विवेक’ २०१९ साली केरळच्या महोत्सवात दाखवायला केंद्राची परवानगी मिळाली नाही; तिथल्या उच्च न्यायालयाने दिली. इंटरनेटवरचा चित्रपट एका आदेशाने दिसेनासा होऊ शकतो. घराघरांतल्या कॅसेटांना तसा आदेश लागू करता येत नव्हता.

म्हणून विनंती आहे. माळ्यावर अशा कॅसेट असतील तर भंगारात घालू नका. कॅसेटच्या खिडकीतून टेपच्या कडेला पांढरी भुकटी दिसली तर व्हीसीआरमध्ये घालू नका. टेप तुटते आणि यंत्रातून बुरशी पुढच्या कॅसेटला लागते. उन्हात वाळवू नका. मागच्या कडेची प्लास्टिकची चिमुकली पट्टी शाबूत असेल तर मोडून टाका, म्हणजे चुकूनही वर दुसरे काही रेकॉर्ड होणार नाही. लेबल खरडून काढू नका. आणि कॅसेट कुणी दिली, कुठे पाहिली, कोण कोण होते, हे घरातल्या वडीलधाऱ्यांना या दिवाळीतच विचारून लिहून ठेवा.