सांधेवाल्याचे डोळे

आहुपे हे आंबेगाव तालुक्याच्या पश्चिम टोकाला, सह्याद्रीच्या कड्यावर वसलेले गाव. तेथे रेल्वे नाही. परंतु कड्याखाली मुरबाड आणि त्यापुढे कल्याण. तरुणपणी हा घाट उतरून रेल्वेत लागलेले एक गृहस्थ सुटीवर गावी आले की माझ्या दवाखान्यात येत. पदाने पॉइंट्समन, जुन्या मराठीत सांधेवाले. गाडी योग्य रुळावर घालणे, डबे जोडणे-सोडणे, निशाण दाखवणे हे त्यांचे काम. वय 54.

त्यांच्या मधुमेहाला आठ वर्षे झाली होती. मी साखर पाहत असे, गोळ्या बदलत असे. डोळ्यांबद्दल विचारले की ते "ठीक आहे" म्हणत आणि माझे समाधान होई. ज्याच्या नजरेवर शेकडो प्रवाशांचा भरवसा, त्याला मी एवढ्यावर सोडून देत होतो! अखेर एकदा त्यांच्या पत्नीच म्हणाल्या, "डॉक्टर, रात्री पायऱ्या चाचपत उतरतात. नोकरी जाईल म्हणून बोलत नाहीत."

मधुमेहाने दृष्टिपटल बिघडू लागते तेव्हा ना दुखते, ना डोळा लाल होतो. म्हणून नीट दिसत असतानाही वर्षातून एकदा बाहुली मोठी करून तपासणी हवी. लेझरने पुढील हानी पुष्कळ थोपवता येते. गेलेली दृष्टी बहुधा परत येत नाही. त्यांची थोडी गेलीच.

नोकरी मात्र गेली नाही. सेवेत असताना अपंगत्व आलेल्या कर्मचाऱ्याला सरकारी आस्थापनेने काढू नये, जुने काम झेपत नसेल तर त्याच वेतनश्रेणीत दुसरे द्यावे, असे दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, 2016 सांगतो. हे ठाऊक असते तर त्यांनी दुखणे इतके लपवले नसते.

त्यांना कार्यालयात नोंदींचे काम मिळाले. निशाण सुटल्यावर महिनाभर ते कोणाशी धड बोलले नाहीत. घरच्यांनी मायेने ताट-पाणीही हातात द्यायला सुरुवात केली, तेव्हा चिडचीड अधिकच वाढली. मी घरच्यांना सांगितले, त्यांची कामे त्यांनाच करू द्या. संगणक शिकवण्याचे नातीने अंगावर घेतले.

परवा ते हिरडा वाळवायला गावी आले होते. दवाखान्यात येताच आधी डोळ्यांच्या तपासणीचा कागद पुढे केला, मग हसून म्हणाले, "साहेब, नात म्हणते, आजोबा, एका बोटाने टाइप करू नका."