धुराची पारख

लोणावळ्यास जाणारीं माणसें हवा खावयास जातात. आम्ही मात्र गेल्या वैशाखांत तेथें धूर चाखावयास गेलों होतों, असें म्हटलें तर वाचकांस हसूं येईल. पण प्रकार खरोखरच तसा घडला, व त्यांतून जें कळलें तें सांगण्यासारखें आहे.

आमच्या एकत्र कुटुंबांतील थोरल्या काकांस पाइपाचा शोक. तरुणपणीं विलायतेस शिकत असतांना तो जडला. तंबाखू आमच्या घरास नवी नव्हती. आजोबांची तपकिरीची डबी अजून देवघराशेजारच्या कोनाड्यांत आहे. दक्षिणेला तर ती फार जुनी. इ. स. १६०५ च्या सुमारास असद बेग यानें ती अकबराच्या दरबारीं नेली, ती विजापुराहूनच. तथापि पाइप म्हणजे साहेबी थाट! तो पेटला कीं काकू काकांस ओटीवर पाठवीत, आणि दार लोटून घेत.

सहा वर्षांपूर्वीं डॉक्टरांनीं पाइप बंद केला. धूर फुप्फुसांत ओढला नाहीं तरी त्यानें जिभेचा व घशाचा कर्करोग होऊं शकतो, हें ऐकून काकांनीं ती आज्ञा निमूटपणें पाळली. एक सीलबंद डबा मात्र कपाटांत राहिला. ऐंशीव्या वाढदिवशीं तो एकदांच उघडण्याची परवानगी त्यांनीं काकूंकडून मिळविली. जागा काकूंनीं ठरविली: पवन मावळांतील त्यांचें माहेर.

अशा रीतीनें आम्ही सर्व चुलत भावंडें लोणावळ्यास जमलों. सकाळीं फिरावयास निघालों तों वाटेंत कैवल्यधाम लागलें. स्वामी कुवलयानंदांनीं १९२४ सालीं ही संस्था काढली आणि प्राणायामासारख्या विषयाची शास्त्रीय पद्धतीनें परीक्षा आरंभिली. फाटकापाशीं थांबून काका म्हणाले, “येथें श्वास कसा सांभाळावा तें शिकवितात, आम्ही तो उधळावयास विलायतेपर्यंत गेलों!”

दुपार कलल्यावर इंद्रायणीचें खोरें सोडून, लोहगडाच्या पलीकडे, पवनेच्या खोऱ्यांत उतरलों. शेतांतून जागोजाग निळसर धूर निघत होता. मुलांना वाटलें, वणवाच लागला! काकू म्हणाल्या, “अरे, हे राब भाजताहेत.” भाताचें रोप ज्या वाफ्यांत वाढवावयाचें, त्यावर शेण, ऐनाच्या वाळलेल्या डहाळ्या, पालापाचोळा व गवत पसरून वर थोडी माती टाकतात आणि तें सारें सावकाश जाळतात. तणाचें बीं मरतें, राख रोपांस पोसते. मृगाच्या पावसापूर्वीं हें काम उरकलेंच पाहिजे.

पुढें जलाशय दिसला. पलीकडे तुंग आणि तिकोना उभे. पवनेचें धरण १९७२ सालचें. त्याचें पाणी आज पिंपरी-चिंचवडच्या घराघरांत जातें. काकूंच्या माहेरचें घर आणि भाताचीं खाचरें त्या पाण्याखालीं आहेत. काकू तेव्हां शाळकरी मुलगी होत्या. वर राहिलेल्या वरकस जमिनीच्या एका तुकड्यावर आंब्याखालीं आम्ही सतरंजी अंथरली.

काकांनीं नाण्याच्या कडेनें झांकण उचललें. ‘फस्’ असा आवाज झाला आणि वास पसरला. डब्यांत पिंवळी, तांबूस व काळीभोर अशी तीन तऱ्हेची पानें बारीक चिरलेलीं होतीं. पिंवळें व्हर्जिनियाचें, धुराचा स्पर्श होऊं न देतां उष्णतेनें वाळविलेलें, म्हणून गोडसर. तांबूस तुर्की, उन्हांत वाळविलेलें, किंचित् आंबूस. काळें तें लाटाकिया. सीरियाच्या बंदरावरून त्याचें नांव पडलें. पुढें तें मुख्यतः सायप्रसांत होऊं लागलें. हीं पानें कोंडलेल्या कोठारांत टांगून खालीं पाइनचें लांकूड आणि सुगंधी झुडपें धुमसत ठेवतात. विलायतेंत पूर्वीं तंबाखूंत बाहेरचा सुवास मिसळण्यावर कायद्याचा कडक निर्बंध असे. म्हणून तेथील कसब नुसत्या पानांच्या मिश्रणांत उतरलें. आल्फ्रेड डनहिल यानें १९०७ सालीं लंडनच्या ड्यूक स्ट्रीटवर दुकान काढलें, तें गिऱ्हाइकाच्या आवडीप्रमाणें मिश्रणें करून देई.

“आंबेमोहोर जुना झाला कीं मोकळा शिजतो, हिचेंहि तसेंच आहे. वीस वर्षांत तिखटपणा मुरला,” काका म्हणाले. पहिली चिमूट सैल, दुसरी जरा दाबून, तिसरी घट्ट, असा त्यांनीं पाइप भरला. एकदां पेटवून वरचा थर काळवंडूं दिला, बोटानें दाबला, पुन्हां पेटविला. ओढण्याची घाई नाहीं. धूर तोंडांत घोळवावयाचा, आणि सोडतांना नाकानें पारखावयाचा. “आधीं ऊद,” ते डोळे मिटून सांगूं लागले, “मग निखाऱ्यावर भाजलेल्या वांग्याची साल. आतां गवताच्या गंजीचा गोडवा येतो आहे.”

आमच्यांतील धाकट्यानें हात पुढें केला. काकांनीं मान हलविली. “वास घे, विस्तव नको. त्याची किंमत मला ठाऊक आहे.”

डबा हातोहात फिरत काकूंकडे गेला. इतकीं वर्षें त्यांनीं तो कधीं हुंगला नव्हता. त्यांनीं नाकाशीं धरला व बराच वेळ खालीं ठेविला नाहीं.

“हा तर राबाचा वास,” त्या म्हणाल्या. “आमच्या खालच्या खाचराचा.”

काकांनीं पाइप तोंडांतून काढला. “मग चाळीस वर्षें तूं मला ओटीवर कां धाडीत होतीस?”

“म्हणूनच. घरांत तो वास सुटला कीं मला स्वयंपाक सुचत नसे.”

काका कांहीं बोलले नाहींत. धुराची पारख आपल्याला आहे असें ते इतके दिवस समजत होते. लोटलेल्या दाराआडच्या माणसानें ती केव्हांच केली होती. त्यांनीं पाइप झाडला, निखारा मातींत पुरता विझविला आणि डब्याचें झांकण लावून तो काकूंच्या पिशवींत ठेविला.

परततांना अंधार पडला होता. राब अजून धुमसत होते. गाडींत धूर येत होता, तरी खिडक्या कोणीं लावून घेतल्या नाहींत.