दगडांआडचे शेजारी

मावळचा माणूस डोंगराला नाव देताना फार दूर शोधायला जात नाही. रोजच्या पाहण्यात जे असेल, तेच तो डोंगराला देऊन टाकतो. लोहगडाची दूरवर निघालेली चिंचोळी सोंड म्हणजे त्याचा विंचूकाटा आणि लोणावळ्याजवळच्या कुरवंडे गावापाशी उभा असलेला कडा म्हणजे त्याची नागफणी. इंग्रजांना या कड्यात ड्यूक ऑफ वेलिंग्टनचे नाक दिसले. आमच्या पूर्वजांना मात्र फणा उभारलेला नाग दिसला. ज्याला जो शेजारी ठाऊक, त्याला तोच दगडातही दिसतो, हेच खरे!

साप, सरडे, घोरपडी यांचे नाव घेतले, की पुष्कळांच्या डोळ्यांपुढे वाळवंट उभे राहते. राजस्थानात जैसलमेरजवळच्या मरुभूमी राष्ट्रीय उद्यानात काटेरी शेपटीचा सांडा बिळे करून राहतो, हे आपण वाचलेले असते. पण चैत्र-वैशाखात विसापूरच्या पठारावर भर दुपारी उभे राहावे. पायांखालचा खडक तापलेला, गवत करपलेले आणि टाक्यांतले पाणी तळाशी गेलेले. तेथे वाळवंटाचीच आठवण होते. अशा ठिकाणी सरपटणारे प्राणी सुखाने नांदतात, याचे कारण त्यांच्या देहरचनेत आहे. खवल्यांच्या कातडीमुळे त्यांच्या अंगातले पाणी सहसा उडून जात नाही. शरीराची ऊब ते अन्न जाळून मिळवत नाहीत, ती सूर्याकडून घेतात. म्हणून त्यांना अन्न थोडे पुरते आणि एकदा भक्ष्य गिळले, की साप कित्येक दिवस उपाशी राहू शकतो. थरच्या वाळूत आढळणारे फुरसे आपल्या रत्नागिरीच्या जांभ्या दगडांतही आढळते, ते याच काटकपणामुळे.

आषाढ लागला, की हेच वाळवंट पालटते. लोणावळ्याला वर्षाकाठी ४,००० मिलिमीटरांहून अधिक पाऊस पडतो. बिळांत पाणी शिरते आणि दगडांआडचे हे शेजारी कोरड्या जागेच्या शोधात सरपणाच्या ढिगात, गोठ्यात, कधी ओसरीवरही येतात. ते चाल करून आलेले नसतात. त्यांचे घर बुडालेले असते. याच दिवसांत जमिनीखाली राहणारा खापरखवल्या वर येतो. त्याची शेपटी तिरकी छाटल्यासारखी दिसते, म्हणून लोक त्याला दुतोंड्या समजून ठेचतात. खरे पाहता हा बिचारा माती पोखरून गांडुळे खाणारा, कोणालाही न दुखवणारा साप आहे. रानातल्या फांदीवर हिरवागार चापडा पानांत पान होऊन बसलेला असतो. तो विषारी खरा, परंतु दिवसा तो जागचा सहसा हलत नाही. डोळा आणि नाकपुडी यांच्यामधल्या खळग्याने त्याला भक्ष्याची ऊब अंधारातही कळते.

लहानपणी पवन मावळातल्या आमच्या घरी एका श्रावणात माजघरातल्या कणगीमागे लांबलचक धामण निघाली. गडीमाणसे काठ्या घेऊन धावली. आबा मात्र शांतपणे उंबऱ्यात उभे राहिले आणि म्हणाले, “काठ्या खाली ठिवा रं. धामण हाय ती. आपुन झोपल्यावर आपल्या भाताची राखण हीच करती. राखणदाराला कुनी काठी मारतं व्हय?” त्यांनी मागचे दार उघडायला लावले आणि सर्वांना जागच्या जागी उभे केले. सापाला आपल्यासारखे बाहेरचे कान नसतात. पण जमिनीचा कंप त्याला तत्काळ जाणवतो. सर्व स्तब्ध होताच ती धामण भिंतीच्या कडेने सरकत परसातल्या झुडपांत नाहीशी झाली. धामण गाईच्या पायांना विळखा घालून दूध पिते, असे आजी सांगत असे. आबा हसून म्हणत, “तिला उंदीर पुरं!” आज शास्त्रही तेच सांगते. सापाच्या तोंडाची ठेवणच अशी आहे, की त्याला दूध ओढून पिता येत नाही.

साप ओळखणारे आबा सापाला कधी हलके मात्र लेखत नसत. आमच्या वाडीतल्या एका तरुण गड्याला गवताचा भारा बांधताना घोणस चावली. कोणी मांत्रिकाला बोलवा म्हणाले, कोणी विळ्याने जखम चिरायला निघाले. आबांनी सर्वांना दूर सारले, त्याचा पाय हलू दिला नाही आणि बाजेवर घालून त्याला थेट सरकारी दवाखान्यात नेले. “मंतर मागनं म्हना, आदी दवाखाना,” एवढेच ते बोलले. पंधरा दिवसांनी तो गडी आपल्या पायांनी चालत घरी आला. त्याला वाचवणारे औषध विषापासूनच तयार होते. घोड्याला विषाची अगदी थोडी मात्रा वाढवत टोचतात. त्याच्या रक्तात जी प्रतिकारशक्ती निर्माण होते, तीच माणसाच्या उपयोगी पडते. प्लेगच्या संशोधनासाठी १८९९ साली मुंबईत सुरू झालेल्या हाफकिन संस्थेने पुढे हे प्रतिविष तयार केले. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चौघांच्या विषावर ते एकच औषध चालते. मात्र ते वेळेवर मिळावे लागते. मंत्रात घालवलेला तास औषधाला परत मिळत नाही.

भय माणसाला काठी उचलायला लावते. ओळख त्याला क्षणभर थांबायला लावते. मावळात आढळणाऱ्या सापांपैकी बहुतेक बिनविषारी आहेत. पण काठी ते पाहत नाही. घोरपडीची तर निराळीच कथा. सिंहगडाच्या कड्यावर तानाजीला वाट करून देणारी यशवंती आख्यायिकेत अमर झाली, आणि तिच्या वंशजांना लोक मांसासाठी मारत राहिले. १९७२ साली वन्यजीव संरक्षण कायदा झाला. घोरपडीला मारणे वा पकडणे आज गुन्हा आहे. १९८६ साली पुण्याजवळ कात्रजला सर्पोद्यान उभे राहिले; तेथे काचेपलीकडचा नाग जवळून पाहिला, की भय सरून कुतूहल जागे होते.

या शेजाऱ्यांशी वागण्याचे नियम अवघड नाहीत. रात्री दिव्यावाचून बाहेर पडू नये. सरपणात किंवा बिळात न पाहता हात घालू नये. साप दिसला तर मागे सरावे आणि त्याला वाट द्यावी. आपल्याकडे नागपंचमीला शेतकरी नांगर धरीत नाही, कोणी जमीन खणत नाही, घरात विळीवर भाजीही चिरत नाहीत. आपल्या अवजाराने त्या दिवशी कोणत्याही जिवाला इजा होऊ नये, एवढाच त्यामागचा भाव. पंचमीला ज्याची पूजा केली, त्याच्यावर षष्ठीला काठी उगारली, तर त्या पूजेला काय अर्थ उरला? त्या एका दिवसाचे भान उरलेल्या दिवसांतही राहील, तर कणगीतले धान्यही राहील आणि धान्याचा राखणदारही.